चित्र एकीकडे, सूर एकीकडे

संध्याकाळच्या ठाणे लोकलमध्ये समोर बसलेल्या मुलीच्या मोबाइलवर लुई आर्मस्ट्राँग दिसला, अमेरिकेचा जॅझ गायक आणि ट्रम्पेटवादक. गर्दी एवढी होती की तिचा मोबाइल जवळजवळ माझ्या मांडीवरच आला होता, त्यामुळे बघायचं नाही म्हटलं तरी दिसतच होतं. अंगावर बिबळ्याचं कातडं, खांदा उघडा, पायाखाली साबणाचा ढीगभर फेस, हातात ट्रम्पेट, आणि डोळे मोठाले करून हसणं. आवाज तिने बंद ठेवला होता. लेडीज डब्यात मोठ्याने रील लावली की कुणीतरी टोकतंच, तिने शहाणपणा केला होता. चार-पाच सेकंद तिने ते पाहिलं, हसली, शेजारच्या मैत्रिणीला दाखवलं, तीही हसली, आणि अंगठा वर सरकला. पुढे कुणाची तरी पनीरची रेसिपी सुरू झाली. त्या हसण्यात दुष्टावा अजिबात नव्हता. जनावराचं कातडं गुंडाळून फेसात उभा असलेला माणूस बघून कुणालाही हसू येईल. मुलुंड गेलं, ठाणं आलं, मी उतरले, भाजी घेतली, कुकर लावला, तरी ते मनातून जाईना. त्या मुलीवर राग नव्हता. तिला जे दिसलं ते त्या फितीत खरोखरच आहे. पण आवाज नसल्यामुळे तिच्यापर्यंत त्यातला निम्माच ऐवज पोचला, आणि तो निम्मा आर्मस्ट्राँगचा नव्हता.

तो लघुपट १९३२चा, पॅरामाउंटने काढलेला. नाव 'अ रॅप्सडी इन ब्लॅक अँड ब्लू', लांबी जेमतेम दहा मिनिटं. कथा म्हणाल तर अशी: एक माणूस घरकाम टाकून आर्मस्ट्राँगच्या रेकॉर्डी लावतो आणि त्यांच्या तालावर भांडीकुंडी बडवत बसतो. बायको येते, कावते, आणि फरशी पुसायच्या मॉपने त्याच्या डोक्यात हाणते. बेशुद्धीत त्याला स्वप्न पडतं की आपण 'जॅझमेनिया' नावाच्या देशाचे राजे आहोत आणि दरबारात आर्मस्ट्राँग आपल्यासाठी वाजवतो आहे. काळ्या माणसाबद्दल त्या काळच्या गोऱ्या प्रेक्षकाच्या मनात जी जी चित्रं होती, आळशी नवरा, कजाग बायको, जंगल, कातडं, ती सगळी या दहा मिनिटांत कोंबलेली आहेत. दरबारात आधी 'यू रॅस्कल यू' होतं आणि मग 'शाइन'. 'शाइन'चे शब्द म्हणजे काळ्या माणसाचे कुरळे केस, मोत्यासारखे दात आणि त्वचेचा रंग यांचीच यादी. म्हणजे कपडेही दुसऱ्याने ठरवलेले आणि शब्दही दुसऱ्याचे.

आणि मग तो गातो.

शब्दांचं तो काय करतो ते ऐकायला हवं. काही गिळतो, काही चावतो, मध्येच अर्थ नसलेले बोल घुसवतो, ओळ जिथे संपायला हवी त्याच्या आधी तरी संपवतो किंवा नंतर तरी. दोन ओळींतच ते गाणं कुणाच्या रंगाबद्दल आहे हे ऐकणाऱ्याच्या लक्षात राहत नाही, लक्षात राहतो फक्त ताल आणि त्या तालाशी चाललेली त्याची खोड्यांची लढत. मग ट्रम्पेट ओठांना लागतं. त्या क्षणी चेहरा पार बदलतो. गाताना जे मोठाले डोळे प्रेक्षकांसाठी फिरत होते ते वर कुठेतरी लागतात, गळ्याच्या शिरा ताठ होतात, आणि पट्टी चढत चढत जाते. तिशीतला, ऐन भरातला आर्मस्ट्राँग आहे हा. वरच्या सुरांवर सूर ठेवताना तो जरा मागे झुकतो आणि कातडं खांद्यावरून थोडं सरकतं. मला दर वेळी वाटतं की आता ते गळून पडेल. ते पडत नाही. शेवटपर्यंत अंगावरच राहतं, आणि सूर शेवटपर्यंत त्याच्या वर कुठेतरी राहतो. दोन्ही एकाच वेळी बघताना मला आनंदही होतो आणि लाजही वाटते, आणि यातलं एक दुसऱ्याला पुसून टाकत नाही.

सुरुवातीच्या या जॅझ लघुपटांत चित्र आणि सूर ही दोन वेगळी माणसं आहेत, हे मला फार हळूहळू उमगलं. चित्र कंपनीचं. सेट, कपडे, गोष्ट, कॅमेरा कुठे ठेवायचा, सगळं तिचं. सूर वाजवणाऱ्यांचा. एकाच फितीत दोघं शेजारी शेजारी राहतात आणि पुष्कळदा एकमेकांच्या विरुद्ध दिशेने खेचतात.

त्यातून त्या काळी ती दोन खरोखरच वेगवेगळ्या वस्तूंवर असायची. ली डी फॉरेस्ट या अमेरिकन संशोधकाने १९२३मध्ये फितीवरच आवाज उमटवून दाखवला होता, आणि त्याच्या सुरुवातीच्या फितींत गायक नोबल सिसल आणि पियानोवर यूबी ब्लेक ही काळ्या कलावंतांची जोडी आहे. पण १९२६पासून वॉर्नर ब्रदर्सच्या व्हायटाफोनने बाजार मारला तो तबकडीच्या जोरावर. प्रोजेक्टरवर रीळ आणि त्याला जोडलेल्या टर्नटेबलवर सोळा इंची तबकडी. घरच्या रेकॉर्डीसारखी ती बाहेरून आत वाजायची नाही, आतून बाहेर वाजायची. सुई बाणाच्या खुणेवर ठेवायची, रिळाची पहिली चौकट खिडकीत बसवायची, आणि दोन्ही एकदम सोडायची. हजार फुटी रीळ सुमारे अकरा मिनिटं चालायचं, तबकडीही तेवढीच. सुई तबकडीला खात जायची, म्हणून तिच्या लेबलवर चौकोन छापलेले असत, दर खेळामागे एक खूण करायची आणि सुमारे वीस खेळ झाले की तबकडी बदलायची. फीत तुटली तर तुटलेल्या भागाएवढीच काळी फीत जोडावी लागे, नाही तर पुढचं सगळं गाणं ओठांच्या पुढे पळायचं. हे वाचताना मला त्या प्रोजेक्टरवाल्याच्या बोटांचं फार वाटतं. बँड कितीही तालात असो, शेवटी ताल त्याच्या हातात.

पुढे फितीवरचा आवाज जिंकला, टर्नटेबलं अडगळीत गेली, आणि रीळ व तबकडी यांची ताटातूट झाली. कुठे मुकी रिळं उरली, कुठे कुणाच्या तरी तळघरात चित्र हरवलेल्या तबकड्या. १९९१मध्ये अमेरिकेत रॉन हचिन्सन आणि त्याच्यासारख्या काही रेकॉर्ड जमवणाऱ्यांनी 'व्हायटाफोन प्रोजेक्ट' सुरू केला. काम एकच, कुणाकडे कुठली तबकडी आहे ते शोधायचं आणि ती कुठल्या मुक्या रिळाची ते जुळवायचं. सरकारी खात्याने नाही, हौशी माणसांनी हे केलं. दशकानुदशकं नुसते गाल फुगवणारा बँड अचानक वाजायला लागल्यावर त्या खोलीतल्या लोकांना काय झालं असेल, या विचाराने माझ्या अंगावर काटा येतो.

त्या काळचा कॅमेरा घरघर करायचा, म्हणून त्याला आणि कॅमेरामनला आवाजबंद खोक्यात कोंडलेलं असे. खोकं हलवायची सोय नाही, त्यामुळे कॅमेरा जागचा हलत नाही. सिनेमाचे जाणकार या काळाला कंटाळवाणा म्हणतात. मला मात्र तो स्थिर कॅमेरा फार आवडतो. आजच्या मैफिलीच्या चित्रीकरणात दर दोन सेकंदांनी दृश्य बदलतं, गिटारवाल्याची बोटं दिसायला लागतात तोच गायिकेचे झुमके येतात. इथे तसं नाही. बेन पोलॅकच्या किंवा रेड निकोल्सच्या बँडचा १९२९चा व्हायटाफोन लघुपट लावा आणि न वाजवणाऱ्या माणसांकडे बघा. सोलो दुसऱ्याचा चालू असताना बँजोवाला कसा मान तिरकी करून ऐकतो, आपली पाळी यायच्या आधी वाद्याचं तोंड कसं पुसलं जातं, कुणाचा पाय ठेक्यावर आहे आणि कुणाचा ठेक्याच्या मधल्या जागेत. रेकॉर्डमध्ये ही माणसं थांबली की नाहीशी होतात. इथे ती थांबलेलीही दिसतात.

पण दिसणाऱ्यांची यादी फार छोटी आहे. न्यू ऑर्लिन्सचा कॉर्नेटवादक बडी बोल्डन, ज्याच्यापासून लोक जॅझची गोष्ट सुरू करतात, त्याचा एक फोटो आहे, आवाज नाही. किंग ऑलिव्हरच्या बँडच्या १९२३च्या रेकॉर्डी आहेत, चित्र नाही. कॉर्नेटवादक बिक्स बायडरबेक १९२८च्या मे महिन्यातल्या एका फॉक्स मूव्हीटोन बातमीपटात काही सेकंद दिसतो, पॉल व्हाइटमनच्या भल्यामोठ्या वाद्यवृंदात उठून उभा राहिलेला. बातमी त्याची नव्हतीच. व्हाइटमन एक रेकॉर्ड कंपनी सोडून दुसरीकडे चालला होता, त्याची होती. तीन वर्षांनी बिक्स अठ्ठाविसाव्या वर्षी गेला आणि ते सेकंद उरले.

ब्लूज गाणाऱ्या बेसी स्मिथचा सिनेमा एकच, १९२९चा 'सेंट लुईस ब्लूज', सुमारे सोळा मिनिटांचा. दिग्दर्शक डडली मर्फी. गोष्ट इथेही कुणी दुसऱ्यानेच लिहिल्यासारखी, जुगारी प्रियकर जिमी, खोलीत सापडलेली दुसरी बाई, झटापट. जिमी तिला ढकलतो, ती पडते, पाया पडते, तो हसत निघून जातो. बेसी जमिनीवरच बसलेली, हातात बाटली, आणि तिथूनच ती ओळ सुरू होते की माझ्या माणसाचं काळीज समुद्रात फेकलेल्या दगडासारखं आहे. त्या ओळीवरच खोली विरून जाते आणि ती बारच्या टेबलाला कोपर टेकून उभी दिसते, पुढ्यात बिअरचा ग्लास. तोंड फारसं उघडत नाही. हातवारे नाहीत. डोळे खाली. आणि आवाज एवढा मोठा की कुठून येतो कळत नाही. मागून बारमधली माणसं सूर धरतात, ती हॉल जॉन्सनची गायक मंडळी, आणि पियानोवर जेम्स पी. जॉन्सन. तेव्हा गाणं आणि चित्र एकाच वेळी टिपलं जायचं, त्यामुळे गळ्यात आवंढा आला तर तो दिसतोही आणि ऐकूही येतो.

मी हा लघुपट पहिल्यांदा पाहिला तेव्हा जिमी परत येईल आणि सगळं नीट होईल असं मला वाटलं होतं. तो येतो. बारमध्ये शिरतो, तिला जवळ घेऊन नाचतो, तिचा चेहरा उजळतो, आणि नाचता नाचता तो तिच्या मोज्यात लपवलेले पैसे काढून घेतो व तिला पुन्हा ढकलतो. ती पुन्हा गाते, तेच गाणं. आधीचं गाणं दुःखाचं होतं, हे ओळखीचं आहे. 'असंच असतं' एवढंच त्यात उरतं. अशा बाया मी पाहिल्या आहेत, आमच्या जुन्या वाड्यात एक होत्या, नवरा महिन्याच्या सुरुवातीला उगवायचा. त्यांच्याबद्दल इथे जास्त लिहिणार नाही. पण बेसीचा चेहरा मला त्यांच्यामुळे कळला. कंपनीला काळ्या वस्तीतली भानगड दाखवायची होती, ती दाखवून झाली. त्यात उभी राहून या बाईने जे केलं ते कंपनीने मागितलेलं नव्हतं. १९३७मध्ये ती मिसिसिपीतल्या हायवेवर मोटार अपघातात गेली. तोवर हा लघुपट विस्मरणात गेला होता, पुढे चाळीसच्या दशकात मेक्सिकोत त्याची एक प्रत सापडली. तिच्या कबरीवर दगड बसला १९७० साली.

१९२९मध्येच, त्याच डडली मर्फीने पियानोवादक आणि बँडप्रमुख ड्यूक एलिंग्टनला घेऊन 'ब्लॅक अँड टॅन' केला. त्याची पहिली काही मिनिटं मला उरलेल्या सगळ्यापेक्षा मोलाची वाटतात. साधी खोली, ड्यूक पियानोवर, शेजारी आर्थर व्हेटसॉल ट्रम्पेट घेऊन. नवीन रचना बसवणं चाललंय. ड्यूक एक जागा वाजवून दाखवतो, व्हेटसॉल ट्रम्पेटच्या तोंडाला म्यूट, म्हणजे आवाज दाबणारं झाकण, लावून ती उचलतो. असं काम करताना माणसं जशी अर्धवट बोलतात तशी ती बोलतात. काळा संगीतकार विचार करतो आहे, कागदावरचं सुरांत आणतो आहे, हे १९२९च्या पडद्यावर दिसणं लहान गोष्ट नाही. आणि लगेच दारावर थाप पडते. हप्ते थकल्यामुळे पियानो उचलून न्यायला दोन माणसं आलेली, दोघंही काळी, दोघंही विनोदासाठी अडाणी केलेली. जिनची बाटली देऊन त्यांना परत पाठवलं जातं. खोलीच्या आत एक सिनेमा आणि दाराशी दुसरा, आणि मध्ये फक्त उंबरा. पुढे नर्तकी झालेली फ्रेडी वॉशिंग्टन हृदय कमकुवत असूनही क्लबमध्ये नाचते, कोसळते, आणि मरताना ड्यूकला तीच रचना वाजवायला सांगते. ते मला ओढूनताणून आणलेलं वाटतं, पण त्या रचनेच्या शेवटी शोपँची शोकधून येते आणि बँडच्या सावल्या भिंतीवर चढतात, तिथे माझा विरोध थंडावतो. एक खंत मात्र आहे. मूळ रेकॉर्डीत ट्रम्पेटचं ते गुरगुरणं बबर माइलीचं, रचनेवर नावही त्याचं. तो १९२९च्या सुरुवातीला बँड सोडून गेला आणि कॅमेरा त्यानंतर आला.

चाळीसच्या दशकात 'साउंडीज' आल्या, पॅनोरॅम नावाच्या कपाटाएवढ्या यंत्रात दहा सेंटचं नाणं टाकून बघायच्या तीन मिनिटांच्या फिती. एका रिळावर आठ, निवडायची सोय नाही, पुढची जी असेल ती बघा. यंत्राच्या आत आरशांतून चित्र पडायचं म्हणून या फिती उलट्या छापलेल्या असत. त्यातला पियानोवादक फॅट्स वॉलर मला फार प्रिय आहे, भुवई उडवणं कंपनीसाठी आणि डावा हात स्वतःसाठी. १८००च्या वर अशा फिती निघाल्या. बऱ्याचशा सामान्य आहेत, पण कित्येक काळ्या बँडांचं हलतं चित्र आज आहे ते त्यांच्यामुळेच.

मग असं कधीच झालं नाही का, की चित्र आणि सूर एकाच बाजूला उभे राहिले? झालं. १९३३मध्ये आर्मस्ट्राँग युरोपात होता, तेव्हा एका डॅनिश चित्रपटासाठी कोपनहेगनमध्ये त्याची तीन गाणी टिपली गेली. साधा सूट, मागे बँड, हातात रुमाल. ना राजा, ना फेस. 'टायगर रॅग'च्या आधी तो सांगतो की हा वाघ फार जोरात पळतो, त्याला पकडायला बरीच आवर्तनं लागतील, आणि निघतो. वाजवून झालं की बँडकडे वळून तो पावलं टाकत फिरतो, गुडघे वाकवतो, बँडला पुढे हाकतो. त्याचं हसू इथेही तेवढंच मोठं आहे. म्हणजे ते हसू कंपनीने चिकटवलेलं नव्हतं, हे मला इथे कळलं, आणि त्यामुळे कातड्याचा प्रश्न सोपा होण्याऐवजी अवघड झाला. दुसरा लघुपट १९४४चा, 'जॅमिन द ब्लूज'. छायाचित्रकार ग्यॉन मिलीने केलेला. सुरुवातीला काळ्या पार्श्वभूमीवर दोन वर्तुळं दिसतात. हळूच कळतं की ती हॅट आहे, वरून दिसणारी, आणि ती वर होते तेव्हा खाली सॅक्सोफोनवादक लेस्टर यंगचा चेहरा असतो. कुणी विनोद करत नाही, कुणी मॉपने मारत नाही, माणसं वाजवतात आणि धूर वर जातो. तरी त्यात एक गिटारवाला गोरा होता, बार्नी केसेल. काळ्यांबरोबर गोरा दिसू नये म्हणून त्याला अंधारात ठेवलं आहे. इतक्या देखण्या चित्रातसुद्धा कुणीतरी सावलीत उभं आहेच.

हे सगळं आपल्यापासून फार लांब नाही. १९३५मध्ये लिऑन ॲबीचा काळा अमेरिकन बँड मुंबईत ताजमध्ये वाजवायला आला, मागोमाग आणखी आले, आणि त्यांच्या आसपास गोव्याची पोरं तयार झाली. चर्चच्या शाळेत नोटेशन शिकलेली ही मुलं रेकॉर्डी ऐकून सोलो उतरवून घ्यायची. हळदोण्याचा आंतोनियो शावियर वाझ त्यातलाच. 'चिक चॉकलेट' या नावाने तो ट्रम्पेट वाजवायचा आणि लोक त्याला हिंदुस्थानचा लुई आर्मस्ट्राँग म्हणायचे. हॉटेलांत रात्री जॅझ आणि दिवसा स्टुडिओत हिंदी गाणी. सी. रामचंद्र, आपले पुणतांब्याचे चितळकर अण्णा, यांच्या पाश्चात्त्य वळणाच्या गाण्यांमागे चिक होता. आमच्या घरी रेडिओवर 'शोला जो भडके' लागलं की बाबा मूठ ओठांपाशी धरून ट्रम्पेटच्या जागा तोंडाने वाजवायचे. त्या जागा वाजवणाऱ्यांना नाव असेल असं आमच्यापैकी कुणाच्या डोक्यात आलं नव्हतं, कारण ते नाव पडद्यावर नसायचं. हजारो गाण्यांत गोव्याचा सूर आहे आणि चित्रात गोवेकर नाही.

१९५१च्या 'अलबेला'त मात्र चिक दिसतो. भगवानदादांच्या त्या चित्रपटात त्याचा बँड पडद्यावर आहे, झालरी झालरींच्या फुगीर बाह्या घातलेला, दूरच्या कुठल्या तरी देशाचा वाटावा असा. पहिल्यांदा ओळख पटली तेव्हा मी गाणं थांबवून त्याचा चेहरा बघत बसले. त्या झालरी त्याने निवडल्या नसणार. पण ट्रम्पेट धरायची पद्धत त्याची, आणि ती कुणाकडून आली ते कोपनहेगनची फीत पाहिलेल्या माणसाला सांगावं लागत नाही. बाबा तेव्हा नव्हते. त्यांना हे दाखवायला मला फार आवडलं असतं.

आमच्या वाचनालयात महिन्यातून एकदा आम्ही जुने लघुपट दाखवतो आणि येत्या वेळी हे दाखवायचं घाटतंय. हे काम बघणाऱ्या मैत्रिणीचं म्हणणं आहे की आर्मस्ट्राँगच्या लघुपटातला मॉपचा भाग कापून नुसती गाणी दाखवावीत, समोर शाळकरी मुलं असतात, उगाच चुकीचं शिकतील. तिची काळजी खरी आहे. पण गाणी कापून काढली तरी कातडं त्यांच्यातच आहे, ते कापता येत नाही, आणि आगापिछा नसला की ते नुसतं हसण्याजोगं उरतं. माझा क्रम असा आहे: आधी कोपनहेगन, मग १९३२चा लघुपट पहिल्या चौकटीपासून शेवटच्या चौकटीपर्यंत, मग बेसी, आणि त्यानंतर 'अलबेला'तलं गाणं. मुलांनी प्रश्न विचारले तर विचारू देत, त्यासाठी अर्धा तास राखून ठेवायला मी सांगितलं आहे. मैत्रीण अजून तयार नाही. उद्या पुन्हा बोलू म्हणाली.